कादंबरीतला प्राचीन ग्रंथ खोटा का वाटतो?

प्रश्न थोडक्यात असा आहे. डोंबिवलीच्या एक लेखिका मराठीत कल्पित जगातली कादंबरी लिहिताहेत. बेटांचा देश, आकाशात दोन चंद्र, आणि समुद्र दर पिढीला थोडी जमीन गिळतोय. या देशात ‘क्षारसंहिता’ नावाचा तीन हजार वर्षांपूर्वीचा ग्रंथ आहे आणि त्यात समुद्र मागे हटवण्याची गुप्त विद्या आहे. नायिकेला तो समुद्रकाठच्या गुहेत सापडतो. कातड्याची जाड बांधणी, सोनेरी अक्षरं, वर कुलूप. ती तो उघडते, वाचते, मंत्र म्हणते आणि पाणी हटतं. मसुदा वाचलेल्या मैत्रिणींचं म्हणणं पडलं की ग्रंथ नाटकाच्या सामानातून आणल्यासारखा वाटतो. काय बदलू, असं त्या विचारतात. जाता जाता एक उपप्रश्नही आहे: शेवटी ग्रंथ जाळला तर चालेल का?

मी मुंबईत जुन्या पोथ्यांच्या याद्या करते, त्या साफ करते, फाटलेल्या पानांची डागडुजी करते. कादंबरी कशी लिहावी हे सांगायचा मला अधिकार नाही. पण पोथी हातात घेतली की ती काय काय बोलते, ते सांगू शकते.

मैत्रिणींचं बरोबर आहे. तुमचा ग्रंथ कुणा ऋषीने लिहिला आणि थेट तुमच्या नायिकेने उघडला. मधल्या तीन हजार वर्षांत त्याला कुणाचाही हात लागलेला नाही. कुणी त्याची नक्कल केली नाही, कुणी तो गहाण टाकला नाही, कुणाच्या घरी तो भिजला नाही, कुणी समासात चार ओळी खरडल्या नाहीत. खोटेपणा येतो तो तिथून. कातडं आणि कुलूप ही नंतरची गोष्ट.

आधी वयाचं बघू. संहिता तीन हजार वर्षांची असू द्या, पण हातातली पोथी तेवढी जुनी नको. समुद्रकाठच्या हवेत ते शक्यच नाही. मुंबईत जुलै-ऑगस्टमध्ये हवेतली आर्द्रता 85 टक्क्यांच्या आसपास फिरत असते आणि जुन्या कागदाला ती पन्नाशीच्या आसपास स्थिर लागते. पंधरा दिवस कपाट उघडलं नाही की पानांवर पांढरट जाळी धरते, डिंक असलेली शाई पुढच्या पानाला चिकटते. कसर आणि वाळवी वेगळीच. आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक पोथ्या सतराव्या ते एकोणिसाव्या शतकातल्या असतात, मग त्यांतला मजकूर हजार वर्षांपूर्वीचा का असेना. फार जुनं काही टिकतं ते कोरड्या आणि थंड जागी. 1890 मध्ये हॅमिल्टन बॉवर या इंग्रज अधिकाऱ्याला मध्य आशियातल्या कुचा इथे भूर्जपत्रावरचं एक हस्तलिखित मिळालं, ते सुमारे दीड हजार वर्षं टिकलं कारण तो वाळवंटी मुलूख. तुमच्या गुहेत भरतीचे तुषार येत असणार. तिथे ठेवलेल्या ग्रंथाचा दोन पिढ्यांत लगदा होईल.

म्हणून नायिकेच्या हाती जी पोथी येते ती नकलेची नक्कल असू द्या, तिच्या आजीच्या आजीच्या काळातली. यात गूढ कमी होत नाही. उलट आता प्रश्न उभे राहतात. मूळ कुठे गेलं? मधल्या नकला कुणी केल्या? प्रत्येकाने प्रामाणिकपणे केल्या का?

ती कशावर लिहायची हे तुमच्या बेटांवर काय उगवतं ते ठरवेल. जाड कातड्यासाठी गुरं लागतात, गुरांना कुरणं लागतात, आणि तुमच्याकडे जमीनच उरलेली नाही. बेटांवर माड-ताड असणार. तेव्हा ताडपत्र. पानं उकळायची, वाळवायची, घासून गुळगुळीत करायची, मग लोखंडी लेखणीने अक्षर कोरायचं आणि वरून काजळी चोळून पुसून घ्यायची. काजळी फक्त चरीत राहते. कोरताना आडवी सरळ रेघ ओढली तर पान तंतूच्या दिशेने फाटतं, आणि दक्षिणेकडच्या लिप्या गोलसर झाल्या त्याचं हे एक कारण सांगितलं जातं. तुमच्या क्षारलिपीलाही शिरोरेघ देऊ नका. हे एकदा लिहिलंत की नायिका अंधारात बोटांनी अक्षरं चाचपू शकते. सोनेरी शाईच्या पुस्तकात तुम्हाला हा प्रसंग मिळाला नसता.

सोनेरी अक्षरं खोटी नाहीत. पश्चिम भारतातल्या जैन पोथ्यांत रंगवलेल्या पानांवर सोन्या-रुप्याच्या शाईने लिहिलेले सुंदर नमुने आहेत. पण ती पोथी धनिकाने दान द्यायची, पूजेत ठेवायची. रोज हाताळायची पोथी कळकट असते, कडा तेलकट, कोपरे झिजलेले. एखाद्या घराण्याने पिढ्यानपिढ्या समुद्र अडवण्यासाठी ती वापरली असेल तर तिच्यावर मिठाचे डाग असतील, सोनं नसेल. फार हौस असेल तर राजवाड्यात सोनेरी प्रत ठेवा, आणि ती चुकांनी भरलेली असू द्या, कारण ती कधी कुणी वापरून पाहिलीच नाही.

कुलुपाच्या जागी कापड आणा. लाल किंवा पिवळ्या कापडाचं बासन, दोन्हीकडे लाकडी फळ्या, मधून दोरी. गाठ ही कुलपापेक्षा कामाची वस्तू आहे, कारण कुलूप कोण लावून गेलं ते कळत नाही, पण गाठ मारण्याची पद्धत माणसाची असते. नायिकेला ती गाठ ओळखीची वाटली, तर तुमचं पुढचं प्रकरण तयार आहे.

आता वाचण्याबद्दल. तीन हजार वर्षांपूर्वीचा मजकूर ती उघडते आणि घडाघडा वाचते, हे मात्र कुणीही सोडणार नाही. अशोकाचे लेख डोंगरांवर उघडे होते, हजारो माणसं त्यांच्या समोरून गेली, पण ब्राह्मी लिपी वाचण्याची विद्या शतकानुशतकं हरवली होती. जेम्स प्रिन्सेपने ती 1837 मध्ये उलगडली. आपल्या सोपाऱ्याला अशोकाच्या लेखाचा तुकडा भगवानलाल इंद्रजींना 1882 मध्ये मिळाला तो वाचता आला, कारण त्याआधी हे काम झालेलं होतं. मुद्दाम झाकलेल्या लिप्याही आहेत. महानुभाव पंथाच्या पोथ्या सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहिलेल्या असत आणि पंथाबाहेरच्या अभ्यासकांना त्या विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत वाचता येत नव्हत्या. म्हणजे मराठी मजकूर, मराठी माणसांच्या घरात, आणि मराठी माणसाला अक्षर लागत नाही! कल्पित जगासाठी याहून चांगला नमुना कुठे शोधायचा?

पण सगळाच्या सगळा न वाचता येणारा ग्रंथही करू नका. व्हॉयनिच नावाने प्रसिद्ध असलेलं हस्तलिखित आहे, कार्बन चाचणीप्रमाणे त्याचं चामडं 1404 ते 1438 या काळातलं, आणि आजवर त्याचा एक शब्दही खात्रीने लागलेला नाही. ते बघायला मजा येते, पण कादंबरीत अशा पुस्तकापुढे पात्रं नुसती बसून राहतील. अर्धं लागणारं पुस्तक हवं.

अर्धं कसं लागावं, याचं उदाहरण तुमच्या तोंडी पाठ असेल. गणपती अथर्वशीर्षात ‘गणादिं पूर्वमुच्चार्य वर्णादिं तदनन्तरम्’ असं येतं. आधी ‘गण’चा पहिला वर्ण, म्हणजे ग. मग वर्णमालेचा पहिला, म्हणजे अ. त्यावर अनुस्वार, अर्धचंद्र, आणि ‘तारा’ने, म्हणजे ओंकाराने युक्त. झाला मंत्र तयार. मंत्र सरळ लिहिलेला नाही, तो बांधण्याची कृती दिलेली आहे. मंत्रशास्त्राच्या पोथ्यांत ही रीतच आहे, तिला मंत्रोद्धार म्हणतात. ‘र’ लिहायचा नाही, अग्नी म्हणायचं. ‘ह’ लिहायचा नाही, आकाश म्हणायचं. कुठलं नाव कुठल्या वर्णाचं, हे गुरूकडून घ्यायचं किंवा टीकेतून, म्हणजे ग्रंथाचा अर्थ उलगडणाऱ्या लिखाणातून, काढायचं. पोथी चोराच्या हाती पडली तरी विद्या पडत नाही. त्याच अथर्वशीर्षात पुढे असंही आहे की हे अशिष्याला देऊ नये, मोहाने देईल तो पापी होईल. आणि आज ते दादर स्टेशनबाहेर फुलवाल्याच्या शेजारी चुरमुऱ्यांसारखं विकलं जातं. गुप्ततेचा इशारा छापलेला, आणि प्रती लाखोंनी! तुमच्या जगातही क्षारसंहितेचा एखादा अध्याय असाच बाजारात म्हटला जाऊ द्या, सगळ्यांना पाठ, अर्थ कुणालाच नाही. नायिका लहानपणापासून ते गाणं म्हणत आलेली आहे आणि पोथी उघडल्यावर तिला कळतं की ती तर किल्ली होती.

आता जिथे मला खरी गंमत वाटते तिथे येते.

जुन्या ग्रंथांत आकडे शब्दांत लिहितात. चंद्र म्हणजे 1, नेत्र म्हणजे 2, गुण म्हणजे 3, वेद म्हणजे 4, बाण म्हणजे 5, ऋतू म्हणजे 6, देव म्हणजे 33. मोठी संख्या असेल तर शब्द उजवीकडून डावीकडे लावायचे. श्लोकाच्या छंदात आकडा बसतो आणि नकलणाऱ्याच्या हातून तो सहज बदलत नाही, निदान तशी अपेक्षा असते. तुमचं समुद्राचं शास्त्र आहे, म्हणून मी समुद्राचंच उदाहरण घेते. कोकणात आणि मुंबईच्या कोळीवाड्यांत भरतीचा ठोकताळा आहे: तिथीची पाऊणपट करा, तितक्या वाजता पूर्ण भरती. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहाला, पौर्णिमेला सव्वाअकराच्या सुमारास. घड्याळाशी ताडून बघा, थोडा फरक पडतो पण काम भागतं. हेच तुमच्या संहितेत ओवीत घालायचं तर मी असं घालेन:

तिथी गुणें गुणावी । मग वेदें भागावी ।
लब्ध होरा जाणावी । भरतीची ॥

तिथीला तिनाने गुणा, चाराने भागा. आता एक दमलेला लेखक रात्री पणतीच्या उजेडात नक्कल करतोय. दोन अक्षरांची अदलाबदल ही नकलणाऱ्यांची नेहमीची चूक. त्याच्या हातून ‘वेदें’चं ‘देवें’ होतं. छंद बिघडत नाही, ओवी म्हणायला गोडच लागते, उलट देवाचं नाव आल्यामुळे अधिक पवित्र वाटते. पण आता चाराऐवजी तेहतिसाने भागायचं आहे. पौर्णिमेची भरती सव्वाअकराला यायची ती हिशेबात एक वाजून वीस मिनिटांच्या आसपास जाते. त्या प्रतीवर विश्वास ठेवून अकरा वाजता पुळणीवर उतरलेला माणूस ‘अजून दोन तास आहेत’ म्हणून निवांत शिंपल्या वेचत राहतो. एक बुडतो, मग दुसरा. तिसऱ्या पिढीत त्या घराण्यात सांगायला लागतात की ही संहिता शापित आहे, उघडली की बळी घेते. त्या शापाच्या मुळाशी दोन अक्षरं आहेत. समासात कुणीतरी वेगळ्या हाताने, फिकट शाईने, हंसपद म्हणजे दुरुस्तीची खूण काढून वर ‘वेदें?’ लिहून ठेवलंय, आणि त्याच्याकडे कुणी लक्ष दिलेलं नाही.

हे आपल्या जगाचं झालं. तुमच्या जगात वेद नाहीत, तेव्हा चाराला तुमचा शब्द शोधा. तुमच्या आकाशात दोन चंद्र आहेत, म्हणजे तुमच्या लोकांच्या तोंडी ‘चंद्र’ हा आकडा 2 असणार. आता समजा नायिकेला संहितेची बहुतेक पानं चंद्र म्हणजे दोन धरून लागतात, फक्त सर्वांत जुन्या भाषेतला अध्याय लागत नाही. कुठलाच हिशेब जुळत नाही. ती चिडून चंद्र म्हणजे एक धरून बघते, आणि सगळं जुळतं.

म्हणजे तो अध्याय लिहिला गेला तेव्हा आकाशात एकच चंद्र होता.

हे कुणी ऋषी पात्रांना सांगत नाही, कुठल्या भविष्यवाणीत येत नाही, एका आकड्यातून ते बाहेर पडतं. त्यातून पुढचंही सुटतं. भरतीचा जुना नियम एका चंद्रासाठी होता. दुसरा आला आणि नियम चुकायला लागला. दोघे एका ओळीत आले की भयंकर उधाण, आडवे आले की नुसती भांगाची भरती, आणि या दोन टोकांमध्ये जुन्या ओवीचा काहीच उपयोग नाही. मग नंतरच्या टीकाकारांनी काय केलं असेल? हिशेब सोडून दिला आणि विधी वाढवले. अमुक दिशेला तोंड, तमुक नैवेद्य, हजार आवर्तनं. ज्या पानांवर गणित मेलं त्याच पानांवर मंत्र दाट झाले. गूढ ग्रंथातली सगळी गूढता अशीच येते असं मी म्हणत नाही, मंत्रपोथ्या मुळातच मंत्रपोथ्या असतात. पण तुमच्या संहितेला हा इतिहास फार शोभेल. आणि खऱ्या विद्येने पाणी हटवायचंच असेल, तर ते दोन चंद्रांचं नवं गणित मांडणारी तुमची नायिका हटवेल, तोंडी मंत्र म्हणणारी नव्हे. हा माझा कल झाला, कथा तुमची आहे.

पोथीत फसवाफसवी दाखवायची असेल तर किड्यांचा उपयोग करा. किडा पानं मोजून खात नाही, तो आरपार जातो. बाराव्या पानावरचं भोक तेराव्यावर त्याच जागी, चौदाव्यावर किंचित सरकून, असं पुढे जात राहतं. आम्ही पानांचा क्रम लावताना हे बघतो. पानांवरचे अंक पुसलेले असले तरी भोकांची रांग आणि पाण्याच्या डागाची कड पानं जुळवून देते. मधलंच एखादं पान कोरं करकरीत, त्यावर भोक नाही किंवा भलतीकडे आहे, तर ते पान नंतर घुसवलेलं. तुमच्या राजाचा सिंहासनावरचा हक्क सांगणारं भाकीत नेमकं त्याच पानावर असू द्या. नायिका पोथी उजेडासमोर धरते, भोकांतून तिरीप येते आणि एका पानापाशी अडते. एवढा प्रसंग दरबारातल्या दहा पानी वादविवादापेक्षा जास्त काम करील.

पुस्तकाच्या आत काय असावं? तुमच्या मसुद्यात सगळी संहिता एकाच उंच सुरात आहे, विश्वाची उत्पत्ती, प्रलय, महाशक्ती. खऱ्या पोथ्या अशा नसतात. वर सांगितलेल्या कुचाच्या हस्तलिखितात औषधं आहेत, फासे टाकून शकुन बघण्याची रीत आहे आणि साप चावल्यावरचा मंत्रही आहे. आपल्याकडच्या घरगुती बाडांत विंचवाचा उतारा, पंचांगाचं गणित, आरती, आणि मागच्या पानावर कुणाकडे किती पायली भात येणं आहे त्याची यादी, हे सगळं एकत्र असतं. मागच्या पावसाळ्यानंतर गिरगावातल्या एका कुटुंबाने गावच्या घरातली पोथी प्लास्टिकच्या पिशवीत घालून आणली होती. पिशवीच्या आत बाष्प धरून पानं फुगलेली. घरातले ती उघडायला घाबरत होते, कारण आजोबांनी सांगितलेलं की ‘तिला हात लावायचा नाही’. पानं सुटी करून वाळवल्यावर दिसलं की पहिली पानं देवीच्या कवचाची होती, आणि उरलेल्या सगळ्या पानांवर मोडीत एका जमिनीच्या वादाची टिपणं. हात का लावायचा नाही, ते मग सगळ्यांना कळलं. देवीचं बाळबोधीत, भांडणाचं मोडीत. तुमच्याकडेही दोन लिप्या असू द्या, एक देवाची आणि एक हिशेबाची, आणि खरं गुपित हिशेबाच्या लिपीत ठेवा. तिकडे कुणी बघत नाही.

शेवटच्या पानावर पुष्पिका येऊ द्या, म्हणजे नकलणाऱ्याने आपलं नाव, दिवस, गाव लिहिलेलं असतं ती जागा. पाठ, कंबर, मान मोडून, मान खाली घालून कष्टाने लिहिलं आहे, जपून ठेवा, अशी तक्रार अनेक लेखक करतात. जसं समोर दिसलं तसं उतरवलं, शुद्ध-अशुद्धाचा दोष मला देऊ नये, असे हातही झटकतात. कधी पोथी स्वतःच बोलते: तेलापासून राख, पाण्यापासून राख, सैल बांधणीपासून राख, मूर्खाच्या हाती देऊ नकोस. मला अख्ख्या पोथीत माणूस जवळचा वाटतो तो इथे. तुमच्या कादंबरीत ऋषीला नाव आहे, नकलणाऱ्याला नाही. द्या. बेट बुडायला आलेलं असताना तो कुणासाठी, किती घाईत लिहीत होता, ते त्याच्या चार ओळींत येऊ द्या.

पुष्पिकेतल्या तारखेनेही चोर पकडता येतो. एकनाथांनी ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली त्याचा काळ त्यांनी ‘शके पंधराशें साहोत्तरीं, तारणनाम संवत्सरीं’ असा दिला आहे. शके 1506, म्हणजे इसवी सन 1584. तो ताडायचा कसा? शकात 12 मिळवायचे, 60 ने भागायचं. 1518 ला साठाने भागून बाकी 18 उरते, आणि साठ संवत्सरांतला अठरावा तारणच. जुळलं. बनावट पोथी करणारा हमखास इथे अडकतो, कारण वर्ष तो मागे नेतो आणि संवत्सराचं नाव कुठून तरी उचलतो. तुमच्या जगात दोन चंद्रांची दोन चक्रं असतील तर ताडून बघणं आणखी कठीण आणि खोटं बोलणं आणखी धोक्याचं होईल.

जाळण्याबद्दल. जाळू नका. ग्रंथ जळण्याचा प्रसंग इतका झालेला आहे की वाचक आधीच राखेची वाट बघत असतो. शिवाय एक प्रत जाळून ग्रंथ संपत नाही. महानुभावांच्या लीळाचरित्राची गोष्ट बघा. म्हाइंभटांनी तेराव्या शतकात मोठ्या कष्टाने चक्रधरस्वामींच्या आठवणी जमवून ते सिद्ध केलं, पुढे स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ प्रत गेली, आणि पंथातल्या माणसांनी स्मरणातून ते पुन्हा उभं केलं. पण प्रत्येकाचं स्मरण थोडं वेगळं, म्हणून त्याचे निरनिराळे पाठ झाले. पुण्यात भांडारकर संस्थेत महाभारताची चिकित्सक आवृत्ती 1919 ते 1966 अशी चालली आणि त्यासाठी 1259 हस्तलिखितं तपासली गेली, ती याच कारणाने. तेव्हा संहिता समुद्रात जाऊ द्या, आणि मग वेगवेगळ्या बेटांवरच्या चार म्हाताऱ्या ती आठवून म्हणताहेत, चौघींचं जुळत नाही, आणि ‘वेदें’च्या जागी तुम्ही शोधलेला चाराचा बरोबर शब्द एकीच्याच पाठात आहे. राजाच्या माणसांना नेमकी तीच सापडायला हवी की नको, हे तुम्ही ठरवा.

गुहेचं एवढंच सांगते की गुहा रिकामी नसते. बोरिवलीच्या कान्हेरीला जा. बौद्ध लेण्यांत ब्राह्मीतले दानलेख आहेत, आणि त्याच लेण्यांत 1009 आणि 1021 या वर्षांचे पहलवी लिपीतले लेखही आहेत, बघायला आलेल्या पारशी मंडळींनी आपली नावं कोरून ठेवली आहेत. तुमच्या गुहेच्या भिंतीवरही नायिकेच्या आधी येऊन गेलेल्यांची नावं असू द्यात. शेवटचं नाव कुणाचं, त्यावर बरंच काही अवलंबून ठेवता येईल.

आणि लिहायला बसण्याआधी एकदा खरी पोथी बघा. फोर्टला टाउन हॉलमध्ये एशियाटिक सोसायटी आहे. 1516 सालचं महाभारतातलं सचित्र आरण्यकपर्व त्यांच्या संग्रहात आहे. मूळ प्रत लगेच हातात मिळेल अशी आशा धरू नका, आधी पत्र लिहून काय बघायचं आहे ते कळवा. बहुतेक हस्तलिखित विभागांत शाईचं पेन चालत नाही, पेन्सिल न्या. हात धुऊन कोरडे करा, क्रीम लावू नका, थुंकी लावून पान उलटण्याची सवय असेल तर ती घरी ठेवा. पावसाळ्यात जाऊ नका, त्या दिवसांत आम्ही पोथ्या शक्यतो हलवत नाही. दिवाळीनंतर जा.